शब्दाची अनामत

माणूस जन्मतो तेव्हा त्याच्याजवळ स्वतःचा असा एकही शब्द नसतो. आई देते ते शब्द तो घेतो. मग मोहल्ल्याचे घेतो, मदरशाचे घेतो, शाळेचे आणि बाजाराचे घेतो. पुढे त्याच शब्दांना तो ‘आपले’ म्हणू लागतो आणि उरलेल्यांना ‘परके’. ही वाटणी कोणी केली, केव्हा केली, हे विचारायचे कोणाला सुचत नाही. जळगावच्या तहसील कचेरीत एखादा शेतकरी अर्ज भरतो. त्यात सन असतो, तारीख असते, रक्कम असते, अनामत असते. आपण या घडीला बरीचशी अरबी बोललो, असे त्याच्या मनात येत नाही. येण्याचे कारणही नाही. शब्द वापरून वापरून गुळगुळीत झाला की तो कोणाच्या घरून आला याची चौकशी थांबते.

आम्ही उर्दू माध्यमाच्या शाळेत शिकवतो. वर्गात उर्दू, कचेरीत मराठी, बाजारात अहिराणी, घरी खानदेशी वळणाची दखनी आणि नमाजेत अरबी असा आमचा रोजचा प्रवास. या पाच भाषांत काही वर्षांपूर्वी आम्ही सहाव्या भाषेचे बोट धरले. जळगाव आणि धुळ्याच्या आम्ही दोन-तीन शिक्षकांनी एक वही घातली आणि तिच्यात हिब्रू शब्द उतरवायला सुरुवात केली. काही रोजच्या व्यवहारातले : घर, पाणी, भाकरी, शाळा, दिवस. काही इबादतीतले : दान, उपवास, कुर्बानी, प्रायश्चित्त. भाषा बोलायला शिकावी असा हेतू नव्हता. शब्दांची ओळख करून घ्यावी, एवढेच. पण या वहीने आमच्यापुढे दोन प्रश्न उभे केले. जे आपण रोज पठण करतो त्याचा अर्थ कळला पाहिजे, हे आपले कर्तव्य आहे काय? आणि ज्यांच्याशी मन दुखावलेले आहे, त्यांच्या शब्दांचा अर्थ शिकावा काय? दोन्ही प्रश्न भाषेचे वाटतात, परंतु ते नीतीचे आहेत.

आधी अक्षरांपासून सुरुवात करू. हिब्रूची अक्षरे बावीस. उजवीकडून डावीकडे लिहितात. आलेफ, बेत, गीमेल, दालेत असा त्यांचा क्रम. उर्दू वाचणाऱ्याला हे नवे वाटू नये. आमच्या बुजुर्गांना अबजद, हव्वज, हुत्ती, कलमन, सअफस, करशत हे शब्द पाठ असत. त्यांना अर्थ नाही. ती अक्षरे मोजण्याची रीत आहे. या सहा शब्दांतली बावीस अक्षरे म्हणजे हिब्रू वर्णमालेचा क्रम, जसाच्या तसा. अरबीला अधिकची सहा अक्षरे लागली, ती पुढे जोडली गेली. आता दुकानाच्या चोपडीवर, रिक्षाच्या काचेवर, लग्नपत्रिकेच्या कपाळावर ७८६ हा आकडा कोठून येतो? बिस्मिल्लाहच्या अक्षरांची अबजदप्रमाणे बेरीज केली की येतो. यहुदी लोक ‘हाय’ म्हणजे ‘जिवंत’ या शब्दाची बेरीज करतात, आठ अधिक दहा, अठरा. म्हणून ते दानधर्म अठराच्या पटीत करतात. आपला ‘हय्य’ हा शब्द अबजदने मोजा. आठ अधिक दहा, अठराच.

वर्गातले हजेरीपुस्तक उघडा. इस्माईल, इसहाक, याकूब, मूसा, हारून, दाऊद, सुलेमान, मरियम. ही नावे हाक मारण्यासाठी आहेत असे मुलांना वाटते. ‘इस्माईल’ म्हणजे ‘ईश्वर ऐकतो’. हिब्रूत ‘शमा’ म्हणजे ऐकले, ‘एल’ म्हणजे ईश्वर. अरबीत ‘समिअ’. रुकूतून उठताना आपल्या ओठांवर येणारा पहिला शब्द हाच. ‘सामईन’, ‘समाअत’ हे उर्दू शब्दही याच मुळाचे. इसहाक म्हणजे ‘तो हसतो’. म्हातारपणी मूल होणार या खुशखबरीवर हजरत इब्राहीम (अ.) यांच्या पत्नी हसल्या, हे कुरआनातही आले आहे. हे सांगितले त्या दिवशी एका मुलाने उभे राहून विचारले, “सर, मेरा नाम इस्माईल है, तो मुझे कौन सुनता है?” आम्ही अर्थ पुन्हा सांगितला. पण त्या पोराला जे हवे होते ते शब्दकोशात नव्हते. शब्दाचा अर्थ कळला की माणूस त्या शब्दाकडे हिशेब मागू लागतो. अर्थ शिकणे हे धोक्याचे आणि तितकेच गरजेचे काम आहे, ते यामुळेच.

आता पहिल्या प्रश्नाकडे वळू. न कळता पठण केलेला शब्द रिकामा असतो काय?

याचे सर्वांत मोठे उदाहरण आपल्या महाराष्ट्रातच घडले आहे. कोकणातल्या बेने इस्राईल समाजाची परंपरा सांगते की, त्यांच्या पूर्वजांचे जहाज अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यापाशी फुटले, सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या आणि धर्मग्रंथ समुद्रात गेले. उरले ते फार थोडे. मुलाची सुंता, शनिवारी काम बंद, खाण्यापिण्याचे काही नियम आणि एक प्रार्थना, ‘शेमा’. तेलाचे घाणे चालवणारे हे लोक शनिवारी घाणा बंद ठेवत, म्हणून गावोगाव त्यांना ‘शनवार तेली’ म्हणू लागले. ‘शेमा’ हा शब्द वर आलेल्या ‘शमा’चाच आज्ञार्थ, म्हणजे ‘ऐक’. मुलाचा जन्म असो, लग्न असो, मयत असो, हे लोक तेवढीच प्रार्थना म्हणत. पुढे दाविद रहाबी नावाचे यहुदी गृहस्थ कोकणात आले. कोणत्या शतकात, यावर अभ्यासकांचे एकमत नाही. त्यांनी बायकांपुढे मासळी ठेवली. खवले आणि पर असलेले मासे त्यांनी निवडले, बाकीचे बाजूला सारले. त्यावरून रहाबींनी या लोकांना ओळखले, असे सांगतात. मग त्यांनी काहींना हिब्रू शिकवली.

येथे थोडे थांबायला हवे. ज्यांनी पिढ्यानुपिढ्या ‘ऐक’ हा शब्द उच्चारला, त्यांना त्याचा अर्थ कितपत कळत होता? बहुधा फार नाही. पण त्यांनी तो टाकला असता तर रहाबींना ओळखायला काय उरले असते? न कळता जपलेला शब्दही एक काम करतो. अर्थ परत येईपर्यंत तो जागा धरून ठेवतो. आमच्या घरांतून लहान पोरे नाजरा कुरआन खतम करतात आणि मिठाई वाटली जाते. सुधारक मंडळी म्हणतात, पोपटपंची आहे. आम्हांला ते पूर्ण पटत नाही. आपल्या आसोद्याच्या बहिणाबाई चौधरींना लिहिता-वाचता येत नव्हते. त्यांची गाणी मुलाने आणि इतरांनी कागदावर उतरवली म्हणून आपल्यापर्यंत आली. अक्षर नसले म्हणजे अर्थ नसतो असे नाही आणि अर्थ कळला नाही म्हणजे निष्ठा नसते असेही नाही.

परंतु जपणे वेगळे आणि उघडून पाहणे वेगळे. हिब्रूत पुस्तकाला ‘सेफर’ म्हणतात. शाळेला म्हणतात ‘बेत सेफर’, पुस्तकाचे घर. हा शब्द कुरआनात अनेकवचनात आला आहे, ‘असफार’. सूरह जुमुआमध्ये तौरात दिली असूनही तिचा भार न पेलणाऱ्यांना ग्रंथ वाहणाऱ्या गाढवाची उपमा दिली आहे. आपण ती आयत वाचतो आणि मनात म्हणतो, हे यहुद्यांविषयी आहे. यहुद्यांविषयी आहे हे खरेच. पण ती आपल्या किताबात का ठेवली गेली असेल? शेजाऱ्याला दिलेली समज आपल्या ओसरीवर उभे राहून ऐकवली जाते, तेव्हा ती आपल्यासाठीही असते. जो ग्रंथ वाहतो आणि उघडत नाही, त्याची जात कोणती हे गाढव विचारीत नाही.

मग बेने इस्राईलांनी तो कसा उघडला? मराठीतून. १७९६ साली सामाजी हसाजी दिवेकर यांनी मुंबईत त्यांचे पहिले प्रार्थनागृह बांधले. सामाजी म्हणजे शमुएल आणि हसाजी म्हणजे यहेज्केल. नावेसुद्धा कोकणाच्या मातीत अशी मुरलेली. दिवेकर कंपनीच्या फौजेत होते आणि टिपू सुलतानाच्या कैदेत सापडले होते. कैद्यांची जात विचारली गेली तेव्हा ‘बेने इस्राईल’ हे उत्तर आले. हे नाव कुरआनात आहे, तेव्हा यांना मारू नये, असे टिपूच्या मातोश्रींनी सांगितले, अशी कथा त्या समाजात चालत आली आहे. कथा असेल. पण एक शब्द ओळखीचा निघाला म्हणून माणसे वाचली, हे आठवणीत ठेवावे असे त्या समाजाला वाटले, ही गोष्ट कथेहून मोठी आहे.

त्या प्रार्थनागृहाचे हिब्रू नाव ‘शाआर हारहमीम’, म्हणजे रहमतीचा दरवाजा. लोक मात्र त्याला ‘जुनी मशीद’ म्हणत. मुंबईच्या मशीद बंदर स्थानकाचे नाव या मशिदीवरून पडले, असे सांगतात. उपवासाला ते ‘रोजा’ म्हणत. सणांची नावे अस्सल मराठी : नव्याचा सण, खिरीचा सण, दारफाळणीचा सण, बिरड्याचा सण. एलियाहू नबींच्या, म्हणजे आपल्या हजरत इलियास (अ.) यांच्या, नावाने मलिदा करीत आणि आजही करतात. पुण्यात १८६७ साली बांधलेल्या ‘ओहेल डेव्हिड’ला पुणेकर ‘लाल देऊळ’ म्हणतात. एका धर्माचे घर मुंबईत मशीद झाले आणि पुण्यात देऊळ झाले, आणि त्यामुळे कोणाचा धर्म बुडाला नाही.

१८३२ साली मिशनरी जॉन विल्सन यांनी बेने इस्राईलांसाठी मराठीतून हिब्रू व्याकरण छापले. विल्सनसाहेबांचा हेतू काय असेल ते उघड आहे. पण या लोकांनी व्याकरण घेतले आणि धर्म आपलाच ठेवला. जोसेफ इझिकेल राजपूरकर (१८३४–१९०५) यांनी हिब्रू प्रार्थना मराठीत आणल्या. १८७४ साली पुण्यात हग्गादा मराठी भाषांतरासह आणि चित्रांसह छापला गेला. हजरत मूसा (अ.) यांच्या मिसरमधून सुटकेची ती कथा कोकणातल्या घरात मुलाबाळांना मराठीत कळू लागली. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तर त्यांच्यात हजरत इब्राहीम, हजरत यूसुफ यांच्यावर ओवी-साकी-दिंडीतली कीर्तनेही होऊ लागली. मूळ शब्द त्यांनी सोडला नाही आणि अर्थही स्वतःच्या जिभेवर आणला. पठण आणि अर्थ यांत भांडण लावण्याची गरज नाही, हे त्यांनी करून दाखवले.

आमच्या वहीचा खरा लाभ मात्र वेगळ्याच ठिकाणी झाला. दुसऱ्यांचे शब्द शिकायला गेलो आणि आपलेच शब्द नव्याने कळू लागले.

‘सदका’ घ्या. आमच्या मोहल्ल्यात सदका म्हणजे आजारी मुलावरून उतरवून दिलेली कोंबडी, गाडी नवी घेतली की वाटलेले पैसे. बला टळावी म्हणून द्यायचे. हिब्रूत ‘त्सेदाका’. तिचे मूळ ‘त्सेदेक’, म्हणजे न्याय. अरबीत याच मुळापासून ‘सिद्क’, म्हणजे सचोटी. सादिक, सिद्दीक, तसदीक ही सारी एकाच घरातली मंडळी. म्हणजे सदका ही दया नव्हे. ते खरे वागणे आहे, ज्याचा हक्क त्याला पोचवणे आहे. बाराव्या शतकातले यहुदी पंडित मूसा बिन मैमून, ज्यांना जग मैमोनिडीज म्हणते आणि जे मिसरमध्ये सलाहुद्दीनच्या दरबाराशी संबंधित हकीम होते, त्यांनी त्सेदाकाच्या आठ पायऱ्या सांगितल्या. सर्वांत वरची पायरी कोणती? गरजवंताला कर्ज, भागी किंवा काम देऊन अशा ठिकाणी आणणे, की त्याला पुन्हा हात पसरावा लागू नये. धुळ्यात रमजानच्या महिन्यात जकातीच्या दारी उभ्या असलेल्या बायांची रांग पाहिली म्हणजे आपण पायरी कितवी चढलो, याचा विचार करावासा वाटतो.

‘रहम’ घ्या. हिब्रूत ‘रहमीम’ म्हणजे करुणा आणि ‘रेहेम’ म्हणजे गर्भाशय. अरबीतही ‘रहीम’ हा अल्लाहचा गुण आणि ‘रहिम’ म्हणजे आईचे उदर. उर्दूत नातेवाइकांशी जोडून राहण्याला आपण ‘सिला-रहमी’ म्हणतो ते यामुळेच. रहम करणे म्हणजे वरून खाली पाहणे नव्हे. समोरच्याला आपल्या पोटचा समजणे, हे ते आहे. ‘कुर्बान’ हा शब्द दोन्हीकडे एकच, आणि मुळात आहे ‘जवळ येणे’. करीब, कुर्बत, कराबत. बकरा किती हजाराचा, ही चर्चा ज्या ईदला आठ दिवस चालते, तिथे कोणाच्या जवळ गेलो, हा प्रश्न कोणी विचारीत नाही.

आणखी एक शब्द आहे, जो सांभाळून हाताळावा लागतो. यहुद्यांचा सर्वांत मोठा उपवासाचा दिवस म्हणजे ‘योम किप्पूर’. बेने इस्राईलांची दारफाळणी ती हीच. त्या दिवशी दारे लावून घेऊन ते उपवास करीत. ‘किप्पूर’ आणि आपला ‘कफ्फारा’ भाऊ-भाऊ. या मुळाचा एक अर्थ झाकणे असा लावतात. अरबीत ‘काफिर’चेही मूळ तेच, सत्य झाकणारा. पण कुरआनात सूरह हदीदमध्ये याच शब्दाचे अनेकवचन शेतकऱ्यांसाठी आले आहे, कारण तो बी मातीने झाकतो. खानदेशात मृगाच्या पावसावर कपाशीची सरकी लावणारा शेतकरी या अर्थाने काय करतो, हे सांगायला नको. जो शब्द काही जण दगडासारखा फेकतात आणि काही जण शिवीसारखा झेलतात, त्याच्या पोटात बी पेरण्याचा अर्थ आहे. तो अर्थ कळल्यावर शब्द फेकणारा हात थोडा तरी अडखळावा.

आता दुसरा प्रश्न, आणि तो अवघड आहे.

आमच्याहून वयाने मोठे असलेल्या एका सहकाऱ्यांनी वही पाहिली आणि शांतपणे विचारले, “जिस जबान में गाझा पर बम गिराने का हुक्म दिया जाता है, वह जबान सीखकर आप क्या करेंगे?” हा प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नाही. ऑक्टोबर २०२३ मध्ये हमासच्या हल्ल्यात इस्रायलमध्ये सुमारे बाराशे माणसे मारली गेली. त्यानंतरच्या युद्धात गाझामध्ये हजारोंच्या हजार माणसे मेली आणि त्यांत हजारो लहान मुले होती. ‘शालोम’ आणि ‘सलाम’ हे एकाच मुळाचे शब्द, दोन्हींत ‘पूर्ण असणे, साबूत असणे’ हा अर्थ. हे तिथल्या एखाद्या आईला सांगण्याची कोणाची छाती होईल? शब्द सख्खे आहेत म्हणून माणसे सख्खी होत नाहीत. खरे तर सख्ख्यांचीच भांडणे जास्त खोल जातात, हे भाऊबंदकीचे खटले पाहिलेल्या खानदेशाला शिकवायला नको.

म्हणून शब्दांची नाती दाखवून सगळे एकच आहे म्हणणाऱ्यांत आम्ही नाही. हिब्रूत ‘लेहेम’ म्हणजे भाकरी, अरबीत ‘लहम’ म्हणजे मांस. मूळ एक, ताट वेगळे. ते वेगळेपण नाकारून प्रेम करता येत नाही.

तरीही शिकावे असे आम्हांला वाटते, आणि त्याची तीन कारणे आहेत.

पहिले कारण आपल्या परंपरेतले. मदिनेत पैगंबर मुहम्मद (स.) यांनी जैद बिन साबित या तरुण सहाबींना यहुद्यांची लिपी शिकायला सांगितले आणि त्यांनी ती सुमारे पंधरा दिवसांत आत्मसात केली, असे हदीस-ग्रंथांत आले आहे. कोणी म्हणेल, ते पत्रव्यवहारात फसगत होऊ नये म्हणून होते. असेल. पण यहुद्यांची लिपी शिकल्याने जैद (र.) यांचा इमान पातळ झाला नाही. पुढे हजरत अबूबक्र (र.) यांच्या काळात कुरआन एकत्र करण्याची जबाबदारी त्यांच्यावरच सोपवली गेली. दुसऱ्याची लिपी जाणणाऱ्याच्या हाती आपली किताब द्यायला उम्मत कचरली नाही.

दुसरे कारण आमच्या शाळेच्या पाटीवरचे आहे. उर्दू कोणाची भाषा, हा प्रश्न आम्हांला आयुष्यभर विचारला गेला आहे. अकोला जिल्ह्यातल्या पातूर नगर परिषदेच्या पाटीवर मराठीखाली उर्दूत नाव लिहिले होते. ते काढावे म्हणून वाद थेट सर्वोच्च न्यायालयात गेला. एप्रिल २०२५ मध्ये न्यायालयाने उर्दूच्या बाजूने निकाल दिला आणि भाषा म्हणजे धर्म नव्हे, हे स्पष्ट केले. आम्ही तो निकाल आनंदाने एकमेकांना वाचून दाखवला. आता जो न्याय उर्दूसाठी मागितला, तो हिब्रूला नाकारायचा कसा? फाळणीचे पाप उर्दूच्या माथी मारणाऱ्यांना आम्ही जे उत्तर देतो, तेच उत्तर येथे आम्हांला बांधून ठेवते. माप दोन ठेवणाऱ्या व्यापाऱ्याविषयी कुरआन काय म्हणते, हे आपल्याला ठाऊक आहे.

तिसरे कारण सर्वांत कामाचे आहे. अर्थ ठाऊक असला की शब्द वापरणाऱ्याला त्या शब्दाने जाब विचारता येतो. इस्रायलमध्येच १९८९ साली स्थापन झालेली ‘बत्सेलेम’ नावाची मानवाधिकार संस्था आहे. जुलै २०२५ मध्ये तिने आपल्याच सरकारच्या गाझातील कृत्यांना वंशसंहार म्हटले. तिच्या नावाचा अर्थ ‘प्रतिमेत’. ईश्वराने माणसाला आपल्या प्रतिमेत घडवले, या तौरातमधल्या वचनाकडे ते बोट दाखवते. ‘त्सेलेम’ म्हणजे प्रतिमा, आपला ‘सनम’ त्याचाच नातलग. जुलमाला जुलूम म्हणायला ज्यांनी आपल्याच धर्मग्रंथातला शब्द हाती घेतला, ते लोकही हिब्रूच बोलतात. भाषा बोलणाऱ्या सर्वांना एका दोरीने बांधले तर हेही त्यात बांधले जातील. आणि जो ‘त्सेदेक’चा अर्थ जाणतो, तो त्या सत्तेला म्हणू शकतो की, तुमच्याच जिभेवर न्यायाचा शब्द आहे, त्याचे काय केलेत? पण हे म्हणण्याचा हक्क फुकट मिळत नाही. ‘सिद्क’ आमच्याही जिभेवर आहे. त्याचे काय केले, हे आम्हांलाही सांगावे लागेल.

काही जण शब्द वेचून बाहेर काढू पाहतात. शिवकाळात ‘राज्यव्यवहारकोश’ तयार झाला आणि फार्सी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द दिले गेले. त्यामागे स्वतःचे राज्य स्वतःच्या भाषेत चालावे ही इच्छा होती, ती समजण्यासारखी आहे. इतके करूनही ‘तारीख’ राहिली, ‘अर्ज’ राहिला, ‘हजर’ राहिले. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे १९२६ साली धुळ्यात वारले. त्यांचे दप्तर आजही धुळ्याच्या राजवाडे संशोधन मंडळात आहे. मुसलमानी अमदानीविषयी त्यांची मते कडक होती, पण जुन्या मराठी पत्रांतले फार्सी शब्द त्यांनी चिकाटीने मोजले, कारण शब्द हा पुरावा आहे आणि पुरावा आवडी-नावडीने फाडता येत नाही, हे ते जाणत होते. तिकडे एलिएझर बेन-येहुदा (१८५८–१९२२) यांनी बोलण्यातून गेलेल्या हिब्रूला पुन्हा घराघरांत आणण्यासाठी आयुष्य वेचले. नवे शब्द घडवताना त्यांनी अरबीकडेही हात पसरला. आजच्या हिब्रूत तारखेला ‘तारीख’ असेच म्हणतात. जेरुसलेमचा अधिकारी आणि जळगावचा तलाठी एकच शब्द लिहितो, आणि तो शब्द दोघांच्याही बापजाद्यांचा नाही.

१९४८ नंतर बहुतेक बेने इस्राईल इस्रायलला गेले. महाराष्ट्रात आता काही हजार उरले असतील. २०१६ साली राज्य सरकारने त्यांना अल्पसंख्याक दर्जा दिला. दिमोना, लोद, अश्दोद या शहरांत गेलेल्यांनी ‘मायबोली’ नावाचे मराठी नियतकालिक काढले. त्यांची नातवंडे हिब्रू बोलतात. लग्नात हळदीच्या वेळी, मलिद्याच्या ताटापाशी, आजीच्या तोंडून आलेले मराठी शब्द त्यांच्या कानावर पडतात आणि त्यांचा अर्थ त्यांना विचारावा लागतो. कोकणात जे स्थान हिब्रूला होते, ते तिथे आता मराठीला आले आहे. ज्या घरात आपण राहतो त्या घरातली भाषा व्यवहाराची होते आणि जे घर सोडले त्या घरातली भाषा इबादतीची. कोणता शब्द पवित्र आणि कोणता साधा, हे शब्दात ठरत नाही. त्याला कोणी, किती काळ आणि कशासाठी जपले, यात ते ठरते.

दुआ संपली की आपण ‘आमीन’ म्हणतो. यहुदी ‘आमेन’ म्हणतात, ख्रिस्तीही म्हणतात. हिब्रूत ‘एमुना’ म्हणजे श्रद्धा. अरबीत याच मुळापासून ईमान, अमन आणि अमानत. यातली अमानत मराठीत आली आणि अक्षरांची अदलाबदल होऊन ‘अनामत’ झाली. अनामत म्हणजे दुसऱ्याने विश्वासाने आपल्याकडे ठेवलेली वस्तू. ती मोडता येत नाही, आपल्या नावावर करता येत नाही आणि विसरूनही चालत नाही. मागणाऱ्याला ती जशीच्या तशी परत द्यावी लागते.

शब्दांचे आमच्या मते असेच आहे. ते आपल्याला कोणीतरी दिलेले आहेत आणि पुढे कोणालातरी द्यायचे आहेत. न कळता जपले तरी पुण्य आहे, पण अर्थासकट परत केले तर हिशेब पुरा होतो. जे शब्द दुसऱ्याच्या घरात ठेवलेले आहेत, त्यांवरही आपले काही देणे असू शकते. निदान त्यांचा अर्थ ठाऊक असावा, म्हणजे कोणी त्यांची अफरातफर केली तर साक्ष देता येईल.

आमच्या वहीत आजपर्यंत दीडशेच्या वर शब्द झाले आहेत. मुले ती मागून नेतात, समोरच्या रकान्यात उर्दू लिहितात, काही जण मराठी लिहितात. ‘शेमा’च्या पुढे मात्र अजून कोणी आपला शब्द लिहिलेला नाही. ऐकणे म्हणजे नक्की काय, यावर वर्गात मतभेद आहेत. ते मिटण्याची आम्हांला घाई नाही.